शंभरवरून आठ

मिथुन ही तक्रार लिहिणारच नव्हता. बोईसरमध्ये नोकरी टिकवायची तर सुपरवायझरचं नाव कागदावर घ्यायचं नसतं. पण दोस्ताकडे, चिंधूकडे बघितलं आणि मोबाइलवर पहिल्याच ओळीत त्याने मेहुल सरांचं नाव टाकलं.

चिंधू पाम गावात आपल्या घरी पडून होता. कंपनीत गॅस गळला तेव्हा भोंगा वाजला, पण इतका हळू, की टाकीमागे चिंधूला ऐकूच गेला नाही. छाती कामातून गेली. आता चार शब्दांत धाप लागते.

"मेहुलच," चिंधू म्हणाला. "केबिन त्याची... भोंग्याखाली. रोज बोंबलायचा, कमी करा, कमी करा."

"कळंल. आवाज कोणी कमी केला, त्याची नोंद भोंग्याच्या सर्किट बोर्डात राहते. दिवस, वेळ, नाव, सगळं."

भोंगे ट्यून करायचं काम मिथुनचंच. लॅपटॉपला केबल लावायची, सॉफ्टवेअरमध्ये आवाज चढवत-उतरवत बसायचं. व्हिडिओ बघूनच शिकला होता. चिंधूला पोर झाली तेव्हाही तो टाकीजवळ हेच करत होता. त्याच्या बायकोने, सुलूने दवाखान्यातून फोन लावला. दोघांनी एकाच मोबाइलला कान लावून प्रतीक्षाचं रडणं ऐकलं, आणि काम तसंच टाकून पेढे आणायला पळाले.

अपघातानंतर कंपनीने भोंग्याचा बोर्ड भंगारात फेकला. मिथुनने तीन दिवस भंगार उकरून तो शोधला.

"नाव गावलं तर काय करशील?" चिंधूने विचारलं.

"नोकरी घालवीन. पोलिसात देईन. गावात तोंड दाखवायला जागा ठेवणार नाय."

चिंधू हसला, मग खोकत राहिला. "लय खुनशी हायस रे तू."

"तुझ्यासाठी हाय."

मिथुनने लॅपटॉपची केबल बोर्डाला जोडली. स्क्रीनवर नोंदी सरकू लागल्या. शंभर, शंभर, शंभर. मग एक ओळ वेगळी. त्याने ती दोनदा वाचली.

प्रतीक्षा जन्मली तो दिवस. फोन आला तीच वेळ. आवाज शंभरवरून आठ. करणाऱ्याचं नाव: मिथुन.

त्यानंतर कोणी हात लावलाच नव्हता.

झोळीत प्रतीक्षा कुरकुरली. सुलूने झोका दिला.

"मेहुलच ना?" चिंधूने विचारलं.

मिथुनने केबल उपटली, बोर्ड खिशात घातला. मोबाइल काढला आणि लिहून ठेवलेली तक्रार पाठवून दिली.

"मेहुलच," तो म्हणाला. "सोडणार नाय त्याला, चिंधू. शब्द हाय माझा."