दरीत बोलायचं नाही

गावाबाहेरच्या दरीत कुणी एक शब्द जरी उच्चारला, तरी तिचे कडे मिटायचे आणि माणूस गडप व्हायचा. गावची विहीर आटली आणि झरा होता दरीपलीकडे. पाण्याला गेलेले धट्टेकट्टे गडी परतलेच नाहीत. भीतीनं कुणाच्या तरी तोंडून "आई गं" निघायचंच.

"बाई, तुमची मुक्या पोरांची शाळा बंद करा," गावप्रमुख म्हणाला. "उरलेलं पाणी कामाच्या माणसांना लागेल."

"उरलेलं तुम्हीच प्या. नवं माझा वर्ग आणेल," म्हणत बाईंनी मुलांच्या पाठीवर पखाली बांधल्या.



भरल्या पखाली घेऊन परतताना, दरीच्या ऐन मध्यावर बाईंना हातांच्या खुणांनी दोनदा दटावावं लागलं, "अरे, किती ही बडबड! पुढे बघून चाला!"