कर्ण्यातली बाई

बॅटरी कालव्यात पडली तेव्हा कुंडलिक काठावर उभा राहून ती तरंगते का ते बघत होता.

तरंगली नाही. बैल पाण्याकडं वळला, गाडी कलली, आणि बारामतीहून भरून आणलेली सरकारी बॅटरी तळाला गेली. बैल मात्र पोटभर प्याला.

वडगावच्या चावडीत सरकारनं रेडिओ बसवला होता. पेटी सगळ्यांसमोर, पण तिचा कर्णा भिंतीत बसवलेला आणि त्याचं बूड मागच्या अंधाऱ्या कोठीत निघालेलं. दिवेलागणीला मुंबई केंद्र खेड्यांसाठी बाजारभाव आणि गावरान गाणी लावायचं. कुंडलिकचं काम एवढंच, की बॅटरी भरून आणायची आणि कळ फिरवायची. पण कळ हातात आल्यापासून, ज्याला गाव 'कुंडल्या' म्हणायचं त्याला 'कुंडलिकराव' म्हणायला लागलं होतं.

पुण्याच्या रेडिओ-साहेबांनी बजावलेलं होतं, पेटी मुकी राहिली तर उचलून इंदापूरकडच्या गावाला देऊ. तिकडची माणसं टपूनच होती.

"बुडाली म्हून सांगून टाका," त्याची बायको मुक्ताबाई म्हणाली.

"आन् मग मला राव कोण म्हनंल?"

कुंडलिक तिच्याकडं बघत राहिला. पहाटे जात्यावर ही ओव्या म्हणायची तेव्हा गोठ्यातली म्हैससुद्धा रवंथ थांबवायची.

"अगं, तूच म्हन की."

"मी? चावडीत? आत्याबाई उभी सोलतील मला."

हे खरं होतं. कुंडलिकची आई धोंडाबाई म्हणजे जळता पलिता. तिच्या घरात सुनेची बांगडीसुद्धा पुरुषमाणसासमोर वाजायची नाही.

"तू दिसतीस कुठं? कोठीत बसायचं, कर्ण्याच्या बुडाला तोंड लावायचं. त्यातनं बाहेर पडलं की समदं मुंबईचंच वाटतं."

संध्याकाळी चावडीचा ओटा भरला. धोंडाबाई सगळ्यांच्या पुढं, कर्ण्याच्या तोंडाशी बसली. कुंडलिकनं रुबाबात कळ फिरवली.

"हे मुंबई हाय," कर्णा म्हणाला. "भाव कालचंच. बातमी आज काय घडली न्हाय. आता गानं."

आणि ओव्या सुरू झाल्या. ओटा चिडीचूप झाला.

"आज मुंबई लई सोपी कळती," म्हातारा गेणबा म्हणाला.

"आन् गळा बघा पोरीचा," धोंडाबाई म्हणाली. "न्हाय तर आमचं रत्न. सांज झाली की कंबर धरून निजतंय."

कुंडलिकनं उगाचच कळ पुसली.

पुढं तेच रोजचं झालं. बातमी कधी घडायची नाही, भाव कधी हलायचा नाही, तरी माणसं वाढत गेली. वस्त्यांवरून बायका पोरं काखेला मारून यायला लागल्या. मुक्ताबाईची भीडही चेपली. एका संध्याकाळी कर्ण्यातून आलं :

"माझी गं सासूबाई, कडू कारल्याची वेल,
किती घातला गं गूळ, तरी कडू तिचा बोल."

बायका पदर तोंडात कोंबून हसल्या. कुंडलिकनं हळूच आईकडं बघितलं. धोंडाबाईनं मात्र मांडीवर थाप मारली.

"हिची सासू लई खट दिसती. कुठली रं ती?"

"मुंबईची," कुंडलिक म्हणाला.

"तरीच."

वडगावात रेडिओ फार चालतो अशी कीर्ती पुण्याला गेली. शेवटी साहेबच बघायला निघाले. आणि नेमकं त्याच दिवशी दुपारी मुक्ताबाईचा भाऊ बिरू गाडी घेऊन दारात उभा.

"बा पडलाय झाडावरनं. ताईला न्यायला आलोय."

"उद्या गेली तर न्हाय का चालनार?" कुंडलिकनं बैलाची वेसण धरली.

"बाप काय तुझी सवड बघून पडतो व्हय रं?" धोंडाबाई कडाडली. "जा गं, मुक्ते. घराचं मी बघते."

तिनं स्वतः सुनेला गाडीपर्यंत पोचवलं. चाकापाशी दोघींचं बराच वेळ हळू आवाजात चाललं होतं. लेप-काढ्याचं असेल, असं कुंडलिकला वाटलं. मुक्ताबाईनं जाताना त्याच्याकडं बघितलंसुद्धा नाही.

संध्याकाळी साहेब खुर्चीवर बसले. पाटलांनी पान पुढं केलं. आजूबाजूच्या वस्त्या लोटल्या होत्या. आईची जागा रिकामी बघून कुंडलिकला त्यातल्या त्यात बरं वाटलं. निदान तिच्यादेखत तरी नाक कापलं जाणार नव्हतं.

"चला कुंडलिकराव," साहेब म्हणाले, "लावा तुमची मुंबई."

साहेबांच्या तोंडून राव ऐकायचं हे पहिलंच आणि बहुतेक शेवटचं. कुंडलिकनं कळ फिरवली.

कर्णा गप्प.

त्यानं पुन्हा फिरवली. पेटीवर फुंकर मारली. देवाचं नाव घेतलं.

"बॅटरी आहे ना?" साहेबांनी विचारलं.

"हाय की साहेब. हाय कुठंतरी."

साहेबांनी पानाचा विडा तोंडाजवळच धरून ठेवला. मागून कुणीतरी म्हणालं, "इंदापूरकरांना सांगावा धाडा, गाडी घेऊन या म्हनावं." दोघंतिघं हसले. साहेब पेटी बघायला उठायला लागले.

इतक्यात कर्णा खाकरला.

"हे मुंबई हाय. भाव कालचंच."

"बाई बदलली वाटतं," गेणबा म्हणाला.

आवाज फाटका होता, म्हातारा होता, पण सुराला पक्का होता. साहेब परत टेकले आणि मान डोलवायला लागले. कुंडलिकचा हात कळेवरच राहिला. हा आवाज त्यानं पाळण्यात ऐकला होता, त्यानंतर कधीच नाही.

"सून गेली माहेराला, मला देऊन गं चाल,
भोळ्या माझ्या लेकराचं, कुनी पुसायाचं हाल?"