तुमच्या ओळखीचे

“आई, खरं सांग. माझा नवा नंबर त्याला कोणी दिला?”

“देवाशपथ, मी कुण्णाला सांगितला नाही गं!”

मारकुट्या नवऱ्याला सोडून केतकी परगावी आली, तेव्हा नवा नंबर फक्त आईला दिला होता. आज तिने नव्या नंबरावर घेतलेल्या चॅटच्या अ‍ॅपवर त्याचा मेसेज आला : ‘सापडलीस. अ‍ॅपनेच तुझा फोटो दाखवून विचारलं, हिला ओळखता का?’

“ते अ‍ॅप तूही घेतलंस?”

“आमचं भजनी मंडळ आहे ना त्यावर. फोनमधले सगळे नंबर बघू का म्हणालं. ‘हो’ दाबल्याशिवाय पुढे जाईचना मेलं.”

“म्हणजे अ‍ॅपने तुझ्या फोनवरून आम्हाला जोडलं. त्याचा नंबर अजून ठेवलायस?”

“जावयाचा नंबर कसा पुसायचा गं?”

केतकीने अ‍ॅपच्या कंपनीकडे तक्रार केली. लगेच उत्तर आलं : ‘“तुमच्या ओळखीचे” ही सूचना आवडली नसल्यास दुर्लक्ष करा.’

संध्याकाळी तिने आणखी एक सिम घेतलं. या वेळी नंबर आईलाही कळवला नाही.