दुपारचं लाईव्ह

शिवकन्या रोज दुपारी आतल्या खोलीची कडी लावायची, तोंडाला स्कार्फ गुंडाळायची आणि फक्त प्रौढांसाठी असलेल्या ॲपवर लाईव्ह यायची. पत्र्याच्या कूलरपुढं भिजल्या साडीत नाचणारी ही बाई येरमाळ्याजवळच्या वाडीतली आहे, हे घरात सासूलाही ठाऊक नव्हतं, मग वाडीला कुठून असणार!

त्या दिवशी नाचता नाचता ओला हात कूलरला लागला आणि तिथंच चिकटला. अंग थडथड उडायला लागलं, तोंडातून शब्द फुटेना. समोर मोबाईलवर मात्र बदामावर बदाम. "काय ॲक्टिंग! लई भारी!" "वन्स मोअर!"

आता संपलंच, असं तिला वाटलं तेवढ्यात लाईट गेली आणि ती खाली कोसळली. दार मोडून वाडीतली सात माणसं आत घुसली. सगळ्यांच्या पुढं भजनी मंडळाचे रामहरीअण्णा, हातात कोरडी काठी. "फ्यूज काढलाय पोरी, भिऊ नको."

शिवकन्यानं आधी स्कार्फ सारखा केला.

ओट्यावर शेंगा फोडत बसलेल्या सासूबाई सीताबाई धापा टाकत मागनं आल्या. "म्या दारातच बसले व्हते. वरडा न्हाय, हाक न्हाय. कडी लावलेल्या खोलीत हिला करंट लागलाय, हे तुमाला कसं कळलं, अण्णा?"

सगळे आपापल्या पायांकडं बघत उभे राहिले.

स्टँडवरच्या मोबाईलवर लाईव्ह अजून सुरूच होतं. दोन सेकंद गेले आणि सात जणांच्या सात खिशांतून सीताबाईंचाच आवाज आला, "हे तुमाला कसं कळलं, अण्णा?"