ओट्याची उंची

ट्रॅम चालवून निवृत्त झालेला सबरी पुस्तकांवरून घराचे नकाशे काढायला शिकत होता. पण बायको जवळ आली की कागद उलटा करायचा. नग्वाची खात्रीच पटली, म्हाताऱ्याने दुसरी बायको पाहिलीय. शुक्रवारी तो मशिदीत गेला, तसे तिने कागद उघडले. नवं स्वयंपाकघर, बारीकसारीक मापांसकट!

तो परत येताच ती मुलुखियाच्या पालेभाजीची जुडी आपटत ओरडली, "अख्ख्या अलेक्झांड्रियात तुला बुटकीच मिळाली का रे? ओटा बघ केवढा खाली काढलायस!"

सबरीने कागद सरळ करून तिच्यापुढे ठेवला.

 

"चाकाच्या खुर्चीतून तुझा हात पोचायला हवा ना, नग्वा. तुझे पाय आता फार दिवस साथ देणार नाहीत, असं डॉक्टर म्हणालेत."