कारण मागाहून

मी बनवलेलं यंत्र आधी परिणाम देतं; कारण आपण मागाहून पुरवायचं. बाबा दर्यात असताना आमच्या दातिवऱ्यात वारा फिरलेला पाहून आईनं यंत्राची कळ फिरवली: “माजा माणूस घरी येऊ दे.” तासाभरात बाबांची बोट किनाऱ्याला लागली, मागोमाग दर्या खवळला. बाबा धापा टाकत आले. “तू तापानं फणफणलीस, असा वायरलेसवर निरोप आला. जाळी तिथंच सोडून आलो!” आईला ताप नव्हता. पण कारण पुरवायलाच हवं होतं. ती हसत अंथरुणावर आडवी झाली आणि फणफणली. संध्याकाळी ती बरळू लागली, तेव्हा बाबांनी कळ फिरवली: “हिला बरी कर.” आई टुणकन उठून बसली. बाबा जन्मात पहिल्यांदा पेज शिजत ठेवून मिठाचा डबा शोधू लागले. “मी बरी झाले ना!” आई ओरडली. “गप पड. पेज पिल्याशिवाय तू बरी झालीच नायस.”