दारातला पाव्हणा

पणदऱ्यात भरदुपारी श्रिया सासूबाई विजयमालाबाईंसोबत टीव्हीवर जुना इंग्रजी पिक्चर बघत होती. काळ्या डगल्यातला रक्तपिपासू सरदार एका पोरीच्या दारात थांबला होता.

"ह्यो आत का येत न्हाय?" विजयमालाबाईंनी विचारलं.

"त्यांच्याकडची जुनी समजूत आहे, आत्या. घरच्यांनी बोलावल्याशिवाय त्याला उंबरा ओलांडता येत नाही. आणि आरशातही तो दिसत नाही."

दारात आलेल्या माणसाला ताटकळत ठेवणं विजयमालाबाईंना जन्मात जमलं नव्हतं. सवयीनं त्या बोलून गेल्या, "आवं, उभं का? या की आत!"

श्रिया हसली. मग तिला संशय आला. हा पिक्चर तिनं आधी पाहिला होता. इथं ती पोरगीच त्याला आत बोलावते. आज पोरीनं तोंडही उघडलं नाही, आणि पडद्यावरच्या दारातून सरदार नाहीसा झाला होता.

तेवढ्यात लाईट गेली. टीव्हीच्या काळ्या काचेत मागची खोली दिसू लागली. सासूबाई कधी उठल्या कुणास ठाऊक, त्या पेला घेऊन खुर्चीपुढं वाकल्या होत्या.

"घ्या पाव्हणं, पाणी घ्या."

मागं कुणीतरी घटाघटा पाणी प्यायलं. श्रियाची मान वळेना.

काचेत खुर्ची रिकामी होती.